वीसपैकी सतरा

जे सांगायला बसले आहे ते मी माइकसमोर कधी बोलले नाही, आणि माइक बंद असतानाही नाही. नवऱ्याला माहीत नाही, आईला माहीत नाही. केतकी माझ्याबरोबर पाच वर्षं पॉडकास्ट करते, मला सर्दी होणार हे तिला माझ्या आवाजावरून माझ्याआधी कळतं — तिलाही नाही. मग तुम्हालाच का? तुम्ही मला ओळखत नाही म्हणून असेल. किंवा लिहिताना आवाज काढावा लागत नाही, म्हणून. आवाजाचीच तर सगळी भानगड आहे.

माझं काम अवघड गोष्ट सोपी करून सांगण्याचं. शक्यतेची कोडी, सरासरी कशी फसवते, हवामानवाले "पावसाची सत्तर टक्के शक्यता" म्हणतात तेव्हा नेमकं काय म्हणतात — असलं काहीबाही, दर आठवड्याला अर्धा तास. लोक म्हणतात, ताई, तुम्ही किती स्पष्ट बोलता! मी "अहो कसचं काय" म्हणते. आणि दर वेळी, अगदी दर वेळी, विषय बदलते.

सोप्या भागापासून सुरुवात करते. ती सवयच लागली आहे.

मी उंद्रीची. पुण्यातली उंद्री नव्हे, अकोल्याच्या अलीकडची. आठवीपासून एसटीने अमडापूरच्या शाळेत जायची, कारण तिथलं गणित चांगलं असं बाबांनी कुठूनतरी ऐकलं होतं. ते गणित म्हणजे सरकटे सर. अंगाने काटकुळे, खिशाला दोन पेनं, एक निळं, एक लाल, आणि लाल पेन आम्ही कधी वापरलेलं पाहिलं नाही. चूक झाली तर ते वहीत फुली मारत नसत. "हे कसं आलं, सांग मले," म्हणायचे आणि ऐकत बसायचे. सांगता सांगता आपली चूक आपल्यालाच दिसायची. समजलं तरी सुटका नव्हती. "समजलं का वं?" "हाव सर." "मंग मले समजाव." जोवर आपण त्यांना उलट समजावून देत नाही तोवर ते समजलेलं धरत नसत.

पुस्तक एका मराठीत होतं आणि सर दुसऱ्या. त्यांना त्याचं काही वाटत नसे, आम्हाला तर नाहीच नाही. आमच्याकडे सोयाबीनचं पोतं बाजारात नेलं की व्यापारी आधी आत हात घालून मूठभर दाणे काढतो आणि ती मूठ पाहून अख्ख्या पोत्याचा भाव बोलतो. नमुना म्हणजे काय, हे सरांनी आम्हाला त्यावरून शिकवलं. "मूठ कोठून काढली थे पाहा. तोंडापासून काढली त वरती चांगला माल ठेवलेला असते. खालून काढ, मधातून काढ, कडेनं काढ. मंग जे हाती येईन थे मानाव लागते. आवडो का न आवडो."

आवडो का न आवडो. हे शब्द लक्षात ठेवा. माझ्या लक्षात होते, म्हणूनच तर मला ते जमलं.

आणखी एक सांगून टाकते. आमच्या घरी सरांना मान होता. ते आले की बाबा उठून खुर्ची द्यायचे. चहाचा कप मात्र वेगळा निघायचा, फडताळात मागे ठेवलेला. कोणी त्यावर बोलत नसे. मी सरांच्या घरी जाऊन काकूंच्या हातचा चहा प्यायची, पोहे खायची आणि घरी येऊन मुद्दाम मोठ्याने सांगायची. मला माझं फार कौतुक होतं. आपण त्यातल्या नाही, असं मी सोळाव्या वर्षीच ठरवून टाकलं होतं. इतकं पक्कं, की पुढे कधी तपासून पाहायची गरजच वाटली नाही.

बारावीनंतर मी पुण्याला गेले ती गेलेच. शिकले, नोकरी लागली, लग्न झालं, नोकरी कंटाळवाणी झाली आणि मी पॉडकास्ट सुरू केला. पहिले वर्षभर ऐकणारे इतके थोडे होते की केतकी म्हणायची, आपण फोन करूनच सांगू यांना, स्वस्त पडेल. मग कोणीतरी लिहिलं — तीन दारांचं कोडं घ्या. तुम्हाला ठाऊक असेल. तीन बंद दारं, एकामागे बक्षीस. तुम्ही एक निवडता. खेळ घेणारा उरलेल्या दोनांतलं एक रिकामं दार उघडून दाखवतो आणि विचारतो, बदलणार का? बदलावं, हे उत्तर. पण का, हे सांगताना भले भले घसरतात. मीही चार वेळा लिहून फाडलं. आणि मग मला सर आठवले. हे त्यांनी आम्हाला नववीत पालथ्या गिलासांवर शिकवलं होतं आणि वर्गात एकही पोर असं नव्हतं ज्याला समजलं नाही.

सर तेव्हा निवृत्त झाले होते. गावातल्या विहारात दर रविवारी सकाळी पोरांना फुकट गणित शिकवायचे. मी फोन केला, म्हटलं, सर, तुमच्याच तोंडून घ्यायचं आहे. तुमचा आवाज, तुमचं सांगणं. त्यांनी मला ते पुन्हा एकदा सांगायला लावलं. मग म्हणाले, "माहा आवाज? लोक ऐकतीन काय?" मी म्हटलं, ऐकतील काय, वेडे होतील.

हे मी म्हटलं होतं. मी.

मी गेले त्या दिवशी सरांनी इस्त्रीचा शर्ट घातला होता. आवाज नोंदवायचा आहे, चित्र नाही, हे त्यांना माहीत होतं तरी. फोनवर मी सहज म्हटलं होतं की रिकाम्या खोलीत आवाज घुमतो, तर त्यांनी घरातल्या सगळ्या गोधड्या काढून भिंतींना टांगल्या होत्या. पंखा बंद. काकूंना कुकर लावायची बंदी. शेजाऱ्यांना सांगून शेळी लांब बांधायला लावली होती. उकाड्याने आम्ही दोघं घामाघूम, आणि मध्ये टेबलावर तीन स्टीलचे गिलास पालथे.

"हे पाहा. तीन गिलास. एकाखाली गूळ. तू एक धर. मले माहीत आहे गूळ कोठी आहे. म्हनून मी बाकीच्या दोघातला एक रिकामा उघडून दाखवतो. आता सारे म्हनतात, दोनच राह्यले, बदलवलं काय नाई बदलवलं काय, सारखंच! सारखं नाई. तू धरला तवा तुले काईच माहीत नव्हतं. तिनात एक. म्हन्जे गूळ बाकीच्या दोघात असाची गोष्ट तिनात दोन. मंग मी त्या दोघातला एक उघडला, पन उगाच नाई उघडला, माहीत असून उघडला. त मंग दुसरा काऊन सोडला? जानकार मानूस काय उघडते, थे सारेच पाहातात. तू हे पाहाय, का थो काय उघडत नाई."

चाळीस मिनिटं बोलले. मध्ये हसले, मध्ये एकदा गूळ खाऊन टाकला आणि "आता शक्यता शून्य" म्हणाले. शेवटी सवयीने विचारलं, "समजलं का वं?" काकूंनी नंतर चहा दिला. निघताना सर एसटीपर्यंत आले. कधी ऐकायला मिळीन, म्हणाले. मी म्हटलं, पंधरा दिवसांत.

आता पहिला गिलास उचलते.

पुण्याला येऊन मी ते रेकॉर्डिंग हेडफोन लावून ऐकलं. एकदाच, पहिल्यापासून शेवटपर्यंत. मग फाइल बंद केली आणि केतकीला सांगितलं की सरांची तब्येत बरी नव्हती, रेकॉर्डिंग झालंच नाही. सरांना सांगितलं की फाइल बिघडली. ते म्हणाले, "अरे देवा! जाऊ दे, मशीनच आहे. कवा येशीन मंग?" मी म्हटलं, बघते. आठवड्याने त्यांचाच फोन, गोधड्या अजून काढल्या नाहीत म्हणाले. मी म्हटलं, माइक दुरुस्तीला दिला आहे. खोटं बोलायचं ठरवलं की पहिली दोन खोटी फुकट मिळतात. त्यांना काही लागत नाही, ना विचार, ना हिंमत.

तिसऱ्या फोनला काहीतरी वेगळं सांगणं भाग होतं. रविवारी दुपारची वेळ होती, ते नुकतेच वर्ग संपवून आले असणार.

"सर, खरं सांगू का?" मी म्हटलं. हो, याच शब्दांत.

"सांग ना वं."

"रेकॉर्डिंग बिघडलं नव्हतं. मी काही लोकांना ऐकवून पाहिलं. त्यांना — समजत नव्हतं, सर."

रागावले नाहीत. मला वाटलं होतं रागावतील, किंवा हसून उडवून लावतील, आणि मग मी गप्प बसेन, आणि प्रकरण तिथेच मिटेल. पण ते गणिताचे मास्तर होते. त्यांनी विचारलं, "किती जनाइले ऐकवलं?"

"वीस."

"त्यातल्या कितीकाइले नाई समजलं?"

"सतरा."

सतराच का? सांगते. विसाच्या वीस म्हटलं असतं तर त्यांनी तिथेच पकडलं असतं. पंधरा म्हटलं असतं तर बनवलेलं वाटलं असतं. सतरा खरं वाटतं. मोजून काढलेला आकडा असा ओबडधोबड असतो, हे त्यांनीच शिकवलं होतं, आणि मी ते त्यांच्यावरच वापरलं.

"सारे पुन्याचेच होते का?"

बघा. त्यांनी वाट करून दिली होती. नुसतं "हो" म्हटलं असतं तरी चाललं असतं. ते म्हणाले असते, मूठ तोंडापासून काढली तुनं, पोतं तसं नाही. स्वतःला सावरून घेतलं असतं त्यांनी, आणि मला चार गोष्टी ऐकवल्या असत्या. पण मला तो प्रश्न कायमचा मिटवायचा होता. पुन्हा फोन नको होता.

"नाही सर. थोडे नागपूरचे, थोडे अकोल्याचे. सात-आठ आपल्याकडचे."

"आपल्याइकडच्याइलेबी नाई समजलं?"

"नाही, सर."

पलीकडे काकू कोणाशी तरी बोलत होत्या, भांडी वाजत होती. मग सर म्हणाले, "मंग बराबर आहे. मूठ चांगली काढली तुनं."

एकही माणूस नव्हता. पुण्याचा नाही, नागपूरचा नाही, आपल्याकडचा नाही. तीस-चाळीस वर्षं शिकवलेल्या माणसाला मी त्याचं शिकवणं कोणाला समजत नाही असं सांगितलं, आणि त्याला पटावं म्हणून पुरावा त्याच्याच पद्धतीचा बनवून दिला. शिवी दिली असती तर ते विसरले असते. नमुना ते कसा विसरणार?

भाग मी माझ्या आवाजात केला. सरांचं सांगणं उतरवून काढलं, "मले"चं "मला" केलं, "काऊन"चं "का" केलं, आणि बाकी सगळं तसंच ठेवलं — गिलास, गूळ, आणि ते शेवटचं वाक्य. जाणकार माणूस काय उघडतो ते सगळेच पाहतात, तो काय उघडत नाही ते तुम्ही पाहा. सुरुवातीला म्हटलं, "लहानपणी आमच्या शाळेत एक खेळ चालायचा." आमच्या शाळेत. खेळ चालायचा. जणू तो आपोआप चालायचा, चालवणारं कोणी नव्हतं. सरांचं नाव घेतलं असतं तर कोणीतरी म्हटलं असतं, मग त्यांनाच बोलवा ना.

त्या भागाने माझा पॉडकास्ट लोकांच्या कानावर गेला. अजूनही माणसं भेटतात ती त्या भागाबद्दलच बोलतात. एका बाईंनी ते वाक्य सुंदर अक्षरात लिहून, चौकट करून पाठवलं. केतकीने ते माझ्या टेबलासमोर लावलं आहे. मी रोज त्याच्याखाली बसते.

भाग आला त्याच्या तिसऱ्या दिवशी सरांचा फोन आला. मी दोनदा वाजू दिला आणि मग उचलला.

"तुझा भाग ऐकला," ते म्हणाले. "दोन वेळा ऐकला. अतिशय... स्पष्ट झाला आहे."

मला आधी कळेना की काय खटकतंय. आवाज त्यांचाच होता. मग लक्षात आलं. ते पुस्तकातलं बोलत होते. प्रत्येक शब्द आधी मनात तपासून, मग बाहेर. नवी चप्पल चावत असताना माणूस जसा जपून पाऊल टाकतो तसं. "मला आता समजलं, माझ्यात काय कमी होतं ते," म्हणाले. 'मला' वर किंचित थांबले होते.

आणि मी काय म्हटलं माहीत आहे? "थँक्यू, सर."

त्यानंतर दोन वर्षांत पाच-सहा फोन झाले असतील. प्रत्येक वेळी ते त्याच भाषेत बोलले. प्रत्येक वेळी थोडं सुधारलेलं असायचं. गोधड्यांचा विषय पुन्हा निघाला नाही. मी वर्गाचं विचारलं नाही, त्यांनी सांगितलं नाही. मी दर फोन ठेवल्यावर ठरवायची — पुढच्या वेळी. पुढच्या वेळी नक्की. तुम्हाला हसू येईल, पण सांगायचं कसं याचा मी आराखडासुद्धा लिहून ठेवला होता, भागाचा लिहिते तसा. सुरुवात, मध्य, शेवट. फार स्पष्ट झाला होता तो.

मागच्या पोळ्यानंतर सर गेले. सकाळी अंघोळीला निघाले आणि दारातच खाली बसले, इतकंच.

पुण्यानुमोदनाला, म्हणजे त्यांच्या श्रद्धांजलीच्या कार्यक्रमाला, मी गेले. विहारात माणूस मावत नव्हता. कोणीतरी मला पुढे केलं, त्यांची पुण्याची विद्यार्थिनी, नावाजलेली. मी बोलले. सरांनी मला सोपं बोलायला शिकवलं, असं म्हटलं. छान बोलले मी. थांबायच्या जागी थांबले. पुढच्या बायकांनी डोळ्यांना पदर लावले. मीही रडले, आणि ते रडणं खरं होतं, हे आणखी वाईट.

जेवणं झाल्यावर काकूंनी मला जवळ बसवून घेतलं. मी सहज, काहीतरी बोलायचं म्हणून, म्हटलं की आता रविवारच्या वर्गाचं काय. काकूंनी माझ्याकडे पाहिलं.

"वर्ग? थो त कवाचाच बंद केला त्याइनं. तुह्या त्या भागाच्या आधीच." माझा हात त्यांच्या हातात होता. "एक दिवस साऱ्या पोट्ट्याइले इचारलं म्हने, खरं सांगा, माहं बोलनं कोनाकोनाले समजत नाई? हात वर करा. एकानंबी नाई केला. घरी येऊन म्हनत, भेतात मले. इतके वर्स नुसत्या माना हालवून राह्यले. एक थे पोरगीच खरं बोलली."

मी विचारलं नाही कोणती पोरगी.

"पोट्टे चार-पाच रविवार येऊन पायरीवर बसत. हे घरातून निघतच नसत. मंग तेबी याचे राह्यले." काकूंनी माझ्या हातावर थोपटलं. "लय जीव होता तुह्यावर त्याइचा. म्हनत, हिच्यासारखं सांगता आलं पाह्यजे. फोनाले कान लावून तुहं बोलनं ऐकत, अन् पुटपुटत बसत. मी म्हनो, काय करून राह्यले हो? त म्हनत, शिकून राह्यलो."

त्या वेळी मी सांगू शकले असते. काकू एकट्या होत्या, हात हातात होता, कोणी ऐकत नव्हतं. मी म्हटलं, "काकू, स्वतःला जपा." एसटी पकडली. चिखलीला गाडी बदलली. पुण्याला आले आणि त्या आठवड्याचा भाग वेळेवर दिला.

तुम्ही आतापर्यंत मनात एक उत्तर धरलं असेल. बाईला सरांच्या बोलीची लाज वाटली. पुण्याचे लोक हसतील, गावंढळ म्हणतील, याची भीती वाटली. मीही इतकी वर्षं स्वतःला तेच सांगत आले. लाजिरवाणं आहे, पण ऐकून घेता येईल असं उत्तर आहे ते. चार लोकांना तर कीवही येईल माझी. पण मी एवढा वेळ गिलास उचलून दाखवते आहे आणि एकाला हात लावलेला नाही, हे सर असते तर त्यांनी कधीच ओळखलं असतं.

त्या रेकॉर्डिंगमध्ये सरांच्या बोलण्याने मला लाज वाटली नव्हती. खरं सांगते. हेडफोनमध्ये त्यांचा आवाज सुरू झाला आणि मी हसत होते. किती मजा, किती लख्ख सांगतात! वेडे होतील लोक, हे मला तेव्हाही पटलेलंच होतं. चाळीस मिनिटं मी त्या आनंदात होते. मग शेवटी सर म्हणाले, "समजलं का वं?"

आणि एक बाई म्हणाली, "हाव सर. समजलं मले."

"मंग मले समजाव."

आणि ती बाई समजावू लागली. दोन-अडीच मिनिटं, एका दमात. "मी धरला तवा मले काय माहीत होतं? तिनात एक. तुमाले माहीत आहे गूळ कोठी आहे, मंग तुमी थो उघडसान काऊन?" हसत, हातवारे करत असणार, टेबलावर गिलास आपटत. ती बाई मी होते. मला आठवतही नव्हतं की मी तसं बोलले. सरांपुढे बसले आणि तोंडातून आपोआप ते आलं.

पुण्याला आले तेव्हा पहिल्याच आठवड्यात होस्टेलच्या मेसमध्ये मी "मले पानी पाह्यजे" म्हटलं होतं, आणि आठ मुली जेवायच्या थांबल्या होत्या. वर्षभर त्यांनी मला "मले" म्हणूनच हाक मारली. तेव्हापासून मी ती बोली अशी मोडून काढली की माझ्या नवऱ्यालाही ती कधी ऐकू आली नाही. आईशी फोनवर बोलताना मी गॅलरीत जाते. वीस वर्षांची मेहनत होती ती. आणि इथे, माझ्या स्वतःच्या फाइलमध्ये, ती बाई जिवंत. तिला केतकी ऐकणार होती. नवरा ऐकणार होता. ज्यांना मी स्पष्ट वाटते ते सगळे ऐकणार होते.

मग तेवढंच कापायचं होतं, असं म्हणाल. कापता आलं असतं. दोन मिनिटांचं काम. मी तो तुकडा निवडलासुद्धा होता. पण सरांनी ऐकल्यावर विचारलं असतं — तुहं बोलनं कुठं गेलं? तू त किती मस्त समजावलं होतं. मग मला त्यांच्यासारखं बोलायची लाज वाटते, हे त्यांनाच सांगावं लागलं असतं. म्हणून मी माझी दोन मिनिटं लपवायला त्यांची चाळीस पुरून टाकली. आमच्या घरात त्यांच्यासाठी कप वेगळा निघायचा. मी त्यांचं अख्खं बोलणं उचलून मागे ठेवलं, कोणाच्या नजरेला पडणार नाही असं.

ती फाइल अजून माझ्याकडे आहे. मी ती पुसली नाही, आणि कोणाला ऐकवलीही नाही. काकूंना नाही. विहाराच्या पायरीवर बसणाऱ्या पोरांना नाही, ती आता मोठी झाली असतील. हे लिहून झाल्यावर ऐकवेन, असंही मी म्हणत नाही. माझ्या म्हणण्याची किंमत तुम्ही पाहिलीच आहे.

फक्त हिशेब बरोबर करून ठेवते. सरांनी मला विचारलं होतं, किती जणांना ऐकवलं, आणि किती जणांना समजलं नाही. त्या रविवारी दुपारपर्यंत ते रेकॉर्डिंग एका माणसाने ऐकलं होतं. त्या माणसाने सरांना ते उलट समजावूनही दाखवलं होतं, एकही चूक न करता.

ऐकलं एकाने. समजलं एकाला.